हुकूम न्यायालयाचा, मर्जी साहेबांची!

न्यायालयाचा निर्णय सरकारी अधिकाऱ्यावर बंधनकारक केव्हा होतो? न्यायमूर्तींनी तो खुल्या न्यायालयात उच्चारला त्या क्षणी, की मंत्रालयाचे परिपत्रक टपालाच्या थैलीतून साहेबांच्या मेजावर येऊन पडेल त्या क्षणी? कायद्याच्या पहिल्या वर्षाच्या विद्यार्थ्याला हा प्रश्न विचारला तर तो हसेल. परंतु एप्रिल २०२५ मध्ये नागपूर महापालिकेच्या आयुक्तांनी मुंबई उच्च न्यायालयाच्या नागपूर खंडपीठापुढे जे प्रतिज्ञापत्र सादर केले, ते ऐकल्यावर हसण्याची सोय उरत नाही.

प्रकरण थोडक्यात असे. १७ मार्च २०२५ रोजी नागपुरात दंगल उसळली. आठवडा उलटतो न उलटतो तोच, २४ मार्च रोजी, त्या दंगलीतील एका आरोपीच्या कुटुंबाचे दुमजली घर महापालिकेने बुलडोझर लावून भुईसपाट केले. त्याच दिवशी उच्च न्यायालयाने पाडापाडी थांबविण्याचा हुकूम दिला. पण तोवर घराच्या जागी ढिगारा उरला होता. आरोपी दोषी की निर्दोष हे त्याचा खटला ठरवील. बांधकाम अधिकृत की अनधिकृत हे कागदपत्रे ठरवतील. आमचा प्रश्न त्याहून साधा आहे. या घटनेच्या अवघे चार महिने आधी, १३ नोव्हेंबर २०२४ रोजी, सर्वोच्च न्यायालयाचे न्या. भूषण गवई व न्या. के. व्ही. विश्वनाथन यांनी साऱ्या देशासाठी नियम घालून दिला होता. किमान १५ दिवसांची नोटीस दिल्यावाचून, घरमालकाचे म्हणणे ऐकल्यावाचून आणि अखेरच्या हुकुमानंतरही पुन्हा १५ दिवसांची सवड दिल्यावाचून कोणाचेही घर पाडता येणार नाही, असा तो नियम. रस्ते, पदपथ, लोहमार्ग, जलाशय अशा सार्वजनिक जागांवरील अतिक्रमणे आणि खुद्द न्यायालयाने पाडण्याचा हुकूम दिलेली बांधकामे तेवढी त्यातून वगळली होती. नियम मोडणारा अधिकारी बेअदबीला पात्र ठरेल आणि पाडलेल्या वास्तूची भरपाई त्याच्या स्वतःच्या खिशातून वसूल होईल, असेही न्यायालयाने निःसंदिग्ध शब्दांत बजावले होते.

मग महापालिकेचे उत्तर काय? आमच्या अधिकाऱ्यांना हा निर्णय ठाऊकच नव्हता. राज्य सरकारचे परिपत्रक आले नव्हते. सबब बिनशर्त माफी असावी! ज्या निर्णयाची बातमी देशातील प्रत्येक वर्तमानपत्राने ठळक मथळ्याखाली छापली, जो चहाच्या टपरीवर चर्चिला गेला, तो ज्यांच्या रोजच्या कामाशी निगडित होता त्यांच्याच कानी गेला नाही म्हणे. बरे, क्षणभर हे खरे मानू. फुटपाथवर भाजी विकणाऱ्या बाईने उद्या महापालिकेच्या पथकाला सांगितले की, “साहेब, तुमच्या उपविधीचे परिपत्रक मला मिळाले नाही,” तर तिची पाटी परत मिळेल काय? कायद्याचे अज्ञान ही सबब प्रजेला चालत नाही आणि सरकारला मात्र खुशाल चालते, हा कोणत्या शास्त्रातला न्याय?

याहून गंभीर गोष्ट पुढेच आहे. या निर्णयाची प्रत प्रत्येक राज्याच्या मुख्य सचिवाकडे पाठवावी आणि राज्यांनी परिपत्रके काढून ती जिल्हाधिकारी व स्थानिक संस्था यांना कळवावी, हा खुद्द त्या निर्णयाचाच भाग होता. तेव्हा परिपत्रक निघाले नाही हा महापालिकेचा बचाव नसून राज्य सरकारवरचा दुसरा आरोप आहे. एका अवज्ञेच्या पोटी दुसरी अवज्ञा जन्मली आणि आता दोघी एकमेकींकडे बोट दाखवून निर्दोषपणाचा आव आणीत आहेत! राज्यघटनेच्या १४१ व्या अनुच्छेदाप्रमाणे सर्वोच्च न्यायालयाने घोषित केलेला कायदा साऱ्या न्यायालयांवर बंधनकारक आहे आणि १४४ व्या अनुच्छेदाप्रमाणे देशातील प्रत्येक प्राधिकाऱ्याने त्या न्यायालयाच्या साहाय्यार्थ वागले पाहिजे. या दोन्ही अनुच्छेदांत ‘परिपत्रक निघाल्यास’ अशी अट कोठेही घातलेली नाही.

हे एकट्या नागपूरचे पाप असते तर आम्ही त्यावर एवढी शाई खर्च केली नसती. परंतु सरकारी कचेऱ्यांत न्यायालयाच्या हुकुमाचे जे होते, ते साऱ्या देशात एकाच साच्याचे आहे. पेन्शन अडलेला शिक्षक, जमिनीचा मोबदला न मिळालेला शेतकरी, ज्येष्ठता डावललेला कारकून, यांपैकी कोणीही दहा-बारा वर्षे झगडून निकाल मिळवतो. निकालाची प्रत घेऊन तो कचेरीत जातो. प्रतीवर आवक क्रमांक पडतो आणि तेथेच तिची यात्रा सुरू होते. या मेजावरून त्या मेजावर, तेथून वरिष्ठ कार्यालयाच्या मार्गदर्शनार्थ, तेथून विधी विभागाच्या अभिप्रायार्थ, तेथून वित्त विभागाच्या मान्यतेसाठी! न्यायालयाने दिलेली मुदत केव्हाच सरून जाते. शेवटी तो बापडा बेअदबीचा अर्ज करतो. नोटीस निघाली की झोपलेली कचेरी खडबडून जागी होते; पण हुकूम पाळण्यासाठी नव्हे, तर विलंब माफ करण्याच्या अर्जासह अपील दाखल करण्यासाठी. तेही फेटाळले गेले की सुनावणीच्या आदल्या संध्याकाळी धनादेश निघतो, दुसऱ्या दिवशी अनुपालनाचे प्रतिज्ञापत्र सादर होते, त्याच्या शेपटीला ‘न्यायालयाविषयी नितांत आदर’ आणि ‘बिनशर्त माफी’ जोडलेली असते आणि प्रकरण निकाली निघते.

यात हरले कोण? अधिकारी नव्हे. त्याचा वकील सरकारी, त्या वकिलाची फी सरकारी, सुनावणीला जाण्याचा भत्ताही सरकारी. हरला तो जिंकलेला पक्षकार! एकदा हक्क मिळविण्यासाठी आणि एकदा मिळालेला हक्क हातात पडण्यासाठी, असे एकाच न्यायाचे मोल त्याने दोनदा मोजले. शिवाय त्याच्याविरुद्ध उभ्या राहिलेल्या वकिलाची फीही त्याच्याच कराच्या पैशातून गेली. मार्च २०२५ मध्ये केंद्र सरकारने संसदेत दिलेल्या माहितीप्रमाणे देशातील उच्च न्यायालयांत बेअदबीची १ लाख ४० हजारांहून अधिक प्रकरणे पडून होती. त्यांतील प्रत्येक अर्ज खरा असेलच असे नाही. तथापि, एवढ्या माणसांना निकालाचा अंमल मागण्यासाठी पुन्हा त्याच पायऱ्या चढाव्या लागतात, हे ज्या राज्यकारभारात घडते त्याला कायद्याचे राज्य म्हणायला जीभ अडखळते.

अधिकारी इतके निर्धास्त का? उत्तर कायद्याच्या पुस्तकातच आहे. १९६१ साली नेमलेल्या सन्याल समितीने १९६३ मध्ये अहवाल दिला आणि त्यातून पुढे १९७१ चा न्यायालय-बेअदबीचा कायदा आला. त्यात हुकमाची बुद्धिपुरस्सर अवज्ञा ही दिवाणी बेअदबी ठरली. शिक्षा किती? जास्तीत जास्त सहा महिने साधी कैद, किंवा २,००० रुपये दंड, किंवा दोन्ही. त्यातही दिवाणी बेअदबीला सामान्यतः दंडच करावा, कैद केवळ दंडाने न्यायाचा हेतू साधत नसेल तरच, असे कलम १२ सांगते. न्यायालयाचे समाधान होईल अशी माफी मागितली की आरोपी सुटू शकतो. १९७१ साली २,००० रुपये ही काही रक्कम होती. आज वरिष्ठ अधिकाऱ्याच्या एका दिवसाच्या पगारातून ती सहज फिटते! त्यावर कलम २० ची कडी अशी की, बेअदबीची कारवाई एका वर्षाच्या आत सुरू झाली पाहिजे. म्हणजे गरीब पक्षकाराला वकिलाची फी जमविण्यात वर्ष लागले, तर अवज्ञा पचली. ‘बुद्धिपुरस्सर’ या शब्दाच्या आडोशाला तर अख्खे खाते लपू शकते. फाइल फिरत होती, साहेब बदलले, नवे साहेब रजेवर होते. अवज्ञा घडली खरी, पण बुद्धी कोणाचीच नव्हती!

न्यायालयांच्या हाती काहीच नाही असे मात्र कोणी समजू नये. उच्च न्यायालयांचा व सर्वोच्च न्यायालयाचा हा अधिकार मुळात घटनेच्या २१५ व १२९ या अनुच्छेदांतून आलेला आहे. जेव्हा न्यायालयाने मनावर घेतले, तेव्हा सत्तेची गुर्मी उतरलेली देशाने पाहिली आहे. बिहार सरकारने दिवाणी न्यायालयाचा मनाई हुकूम डावलून एका जमीनदारिणीच्या इस्टेटीबाबत अधिसूचना काढली, तेव्हा १९६० मध्ये सर्वोच्च न्यायालयाने स्पष्ट सांगितले की, राज्य सरकार झाले तरी मनाई हुकूम मोडल्याच्या परिणामांतून त्याची सुटका नाही. २००६ च्या मे महिन्यात आपल्या महाराष्ट्राचे मंत्री स्वरूपसिंग नाईक आणि वन खात्याचे प्रधान सचिव अशोक खोत या दोघांना त्याच न्यायालयाने प्रत्येकी एक महिन्याची साधी कैद सुनावली. वनांच्या रक्षणासाठी न्यायालयाने बंदी घातलेली असताना लाकूडकामाचे सहा कारखाने चालू ठेवण्यास परवानगी दिली, हा त्यांचा अपराध. दोघांनीही बिनशर्त माफी मागितली होती. न्यायालयाने ती स्वीकारली नाही. शिक्षा टाळण्याचे हत्यार म्हणून माफी वापरता येत नाही, हे त्या दिवशी मंत्रालयाच्या प्रत्येक मजल्यावर ऐकू गेले.

आणि मे २०२५ चे ते आंध्रातील प्रकरण पाहा. गुंटूर जिल्ह्यातील एका तहसीलदाराने उच्च न्यायालयाची मनाई असताना गोरगरिबांच्या झोपड्या पाडल्या होत्या. उच्च न्यायालयाने दोन महिन्यांची कैद सुनावली. सर्वोच्च न्यायालयाने ती बदलून, तोवर उपजिल्हाधिकारी झालेल्या या गृहस्थांना पुन्हा तहसीलदाराच्या पदावर उतरविले आणि एक लाख रुपये दंड केला. आम्ही या निकालाचे स्वागत करतो. पण त्यातली मेख वाचकांच्या नजरेतून सुटू नये. झोपड्या पडल्या आणि शिक्षा अंतिम झाली, यांच्यामध्ये अकरा वर्षे गेली. या अकरा वर्षांत झोपडीवाले उघड्यावर होते आणि झोपडी पाडणारा बढतीवर होता! न्यायालयाने दोषी ठरविलेल्या अधिकाऱ्याला बढती देणारे सरकार त्या अवज्ञेत भागीदार नव्हे तर काय?

राजकारणी मंडळींची तऱ्हा याहून न्यारी. अधिकारी हुकूम फायलीत दडवतो, तर पुढारी तो चव्हाट्यावर झुगारतो आणि वर टाळ्या घेतो. सप्टेंबर २०१६ मध्ये कावेरीचे ६,००० क्युसेक पाणी तामिळनाडूसाठी सोडण्याचा हुकूम सर्वोच्च न्यायालयाने कर्नाटकाला दिला. कर्नाटक विधिमंडळाच्या दोन्ही सभागृहांनी २३ सप्टेंबर रोजी एकमुखाने ठराव केला की, पाणी केवळ पिण्यासाठीच वापरले जाईल. ३० सप्टेंबर रोजी न्यायालयाने १४४ व्या अनुच्छेदाची आठवण करून देऊन कडक शब्दांत समज दिली, तेव्हा ३ ऑक्टोबरला त्याच विधिमंडळाला दुसरा ठराव करून वाट मोकळी करावी लागली. दुष्काळाच्या वर्षी आपल्या शेतकऱ्यासाठी सरकारने भांडू नये असे आम्ही म्हणणार नाही. भांडावे, पण न्यायालयात भांडावे. ठरावाने निकाल रद्द होऊ लागला तर उद्या प्रत्येक ग्रामपंचायत आपले स्वतंत्र सर्वोच्च न्यायालय उघडील. आमचा हा आक्षेप कानडी सरकारवर आहे म्हणून कोणी मराठी वाचकाने खूश होऊ नये. तुरुंगाची पायरी दाखविली गेली ती महाराष्ट्राच्या मंत्र्याला, आणि परिपत्रकाची सबब सांगितली गेली ती नागपुरात. या रोगाला भाषा नाही आणि सीमाही नाही.

न्यायालयांनाही आम्ही एक गोष्ट विनयपूर्वक पण स्पष्ट सांगणार आहोत. बेअदबीचे शस्त्र शब्दांवर लवकर आणि कृतीवर उशिरा चालते, अशी लोकांची भावना झाली आहे; ती निराधार नाही. केरळचे मुख्यमंत्री असताना नंबुद्रिपाद यांनी पत्रकार परिषदेत न्यायव्यवस्थेवर जी टीका केली, तिच्याबद्दल १९७० मध्ये सर्वोच्च न्यायालयाने त्यांना दोषी ठरविले, मग दंड ५० रुपयांवर आणला तरी. उलट, अयोध्येतील बांधकामाबाबत न्यायालयाला दिलेले वचन मोडल्याबद्दल उत्तर प्रदेशचे मुख्यमंत्री कल्याणसिंग यांना १९९४ मध्ये शिक्षा झाली ती एका दिवसाची कैद आणि २,००० रुपये दंड. आणि ६ डिसेंबर १९९२ च्या घटनेसंबंधीचे बेअदबीचे अर्ज तसेच लोंबकळत राहून तीस वर्षांनी, ऑगस्ट २०२२ मध्ये, काळ लोटला म्हणून बंद करण्यात आले. टीकेने न्यायासनाचे तेज कमी होत नाही. ते कमी होते हुकूम मोडणारा माणूस ताठ मानेने न्यायालयाबाहेर पडतो तेव्हा.

आता यावर सरकारपक्षाकडून एक युक्तिवाद येतो, त्याचाही परामर्श घेतला पाहिजे. न्यायाधीश अव्यवहार्य हुकूम देतात, अधिकाऱ्यांना ऊठसूट समोर उभे करून पाणउतारा करतात, अशी ती तक्रार. तीत तथ्यांश आहे. अलाहाबाद उच्च न्यायालयाने २०२३ मध्ये अर्थखात्याच्या दोन वरिष्ठ अधिकाऱ्यांना ताब्यात घेण्याचा हुकूम दिला, तो सर्वोच्च न्यायालयाने चुकीचा ठरविला आणि ३ जानेवारी २०२४ रोजी अधिकाऱ्यांना केव्हा व कसे पाचारण करावे याची रीतच घालून दिली. अधिकाऱ्याच्या पोशाखावर, शिक्षणावर शेरेबाजी करू नये, असेही बजावले. उत्तमच झाले! पण यातून सिद्ध काय होते? हुकूम चूक असेल तर वर दाद मागता येते आणि ती मिळते. म्हणूनच हुकूम मोडण्याचे समर्थन उरत नाही. अपील करावे, स्थगिती मागावी. स्थगिती मिळेपर्यंत हुकूम निमूटपणे पाळावा. हा नियम भाडेकरूला लागू आहे, गिरणी कामगाराला लागू आहे. मंत्रालयाला तो लागू नसण्याचे कारण आम्हांस तरी दिसत नाही.

रामशास्त्री प्रभुण्यांचे नाव मराठी माणूस अभिमानाने घेतो. १७७३ साली नारायणराव पेशव्यांचा खून झाल्यावर खुद्द राघोबादादांना देहान्त प्रायश्चित्त सांगणारा तो निःस्पृह न्यायाधीश! परंतु गोष्टीचा उत्तरार्ध आपण विसरतो. त्या निवाड्याचा अंमल झाला नाही. निवाडा देणाऱ्याला पुणे सोडून जावे लागले आणि राघोबा गादीवर बसले. पुढे त्यांना दूर सारले ते बारभाईंच्या कारस्थानाने. न्यायासनाचा शब्द जेथे चालत नाही तेथे न्याय नाहीसा होत नाही, तो कारस्थानांच्या आणि तलवारींच्या हाती जातो, हा त्या इतिहासाचा खरा धडा आहे. रामशास्त्र्यांचे पुतळे उभारणाऱ्या सरकारांनी तो विसरू नये.

आमच्या मागण्या मोजक्या आहेत. न्यायालयाच्या प्रत्येक हुकमाच्या अंमलासाठी नावानिशी एक अधिकारी जबाबदार धरावा आणि मुदत संपताच अनुपालनाचा अहवाल पक्षकाराने न मागता न्यायालयापुढे यावा. अवज्ञा सिद्ध झाल्यास दंड आणि पक्षकाराचा दुसऱ्या फेरीचा सारा खर्च त्या अधिकाऱ्याच्या पगारातून वसूल व्हावा. सरकारी तिजोरीला त्याची तोशीस लागता कामा नये. दोषी ठरल्याची नोंद सेवापुस्तकात व्हावी आणि ती पुसली जाईपर्यंत बढती रोखावी. १९७१ च्या कायद्यातील २,००० रुपयांची ती हास्यास्पद रक्कम आणि एका वर्षाची ती सोयीस्कर मुदत, दोन्ही संसदेने बदलावीत. यासाठी नवे खाते नको, नवा आयोग तर मुळीच नको. हवी आहे ती फक्त इच्छा.

सीमाभागातील आमच्या वाचकांना या विषयाचे महत्त्व पढवून सांगण्याची गरज नाही. रस्त्यावर येऊ नका, न्यायालयात जा, असा उपदेश ज्यांनी आयुष्यभर ऐकला ते हे लोक. २००४ साली सीमाप्रश्नाचा दावा सर्वोच्च न्यायालयात दाखल झाला तो त्याच उपदेशावर विसंबून. उपदेश चांगलाच आहे. परंतु तो करणाऱ्यांवर एक ऋण चढते. न्यायालयात जा म्हणून सांगणाऱ्या सरकारने न्यायालयाचे स्वतः ऐकले पाहिजे. दंडुक्याच्या बळावर प्रजेकडून कायदा पाळून घेता येतो, पण कायद्यावरचा विश्वास दंडुक्याने उत्पन्न होत नाही. तो उत्पन्न होतो एका साध्या दृश्यातून: एका बाजूला सामान्य नागरिक, दुसऱ्या बाजूला बलाढ्य सरकार, मध्ये न्यायालयाचा एक कागद, आणि त्या कागदापुढे वाकणारी सरकारची मान. ज्या दिवशी हे दृश्य दुर्मिळ होईल, त्या दिवशी लोक न्यायालयाच्या पायऱ्या चढणे सोडतील. मग ते कोठे जातील, याचा विचार परिपत्रकाची वाट पाहत बसलेल्या साहेबांनी आजच केलेला बरा!